किती वेळा दिवस गेलते?

आधीच सांगून टाकते, मी शिस्टर नाही. कोल्हापुरात दवाखान्यात पांढरा कोट घालून हिंडणारी बाई एकतर डॉक्टरीणबाई, नाहीतर शिस्टर. तिसरा प्रकार लोकांना ठाऊकच नसतो. मी तो तिसरा प्रकार. तीस वर्षं आणि वर थोडी मी रक्तपेढीत तंत्रज्ञ होते. गेल्या वर्षी नोकरीतून सुटले. 'शिस्टर, रक्त भरा की लौकर' असं कुणी म्हटलं की माझं डोकं फिरायचं. मी म्हणायचे, "मी भरत न्हाय, मी जुळवते." एकदा एका आजोबांनी विचारलं, "म्हंजे लग्न जुळवल्यागत?" म्हटलं, "व्हय, तसंच. पण हितं पत्रिका चुकली तर मांडवातच माणूस जातो."

आणखी एक. इथं मी 'गेले, आले' लिहिते आहे ते छापायचं आहे म्हणून. तोंडानं मी 'गेलो, आलो'च म्हणते. आमच्याकडं बायकामाणसंही तसंच बोलतात, त्यात काही विशेष नाही.

तर माझं काम काय? काचेच्या पट्टीवर रक्ताचा थेंब घ्यायचा, त्यात औषधाचा थेंब टाकायचा, पट्टी हलवायची आणि बघायचं. थेंब एकसारखा लाल राहिला तर एक अर्थ, दाणेदार झाला, दूध नासल्यासारखा फाटला तर दुसरा अर्थ. जन्मभर मी हेच बघितलं. घरी रस्सा वाढतानासुद्धा वाटी जरा हलवून बघायची सवय लागली होती. मालक म्हणायचे, "अगं जेव आता, मटण जुळलंय."

हे दाणे का होतात, ते समजून घेतल्याशिवाय पुढची गोष्ट कळायची नाही. आपल्याकडं गावात नवा माणूस शिरला की पारावरचा पहिला प्रश्न काय? 'पावणं, कुठल्या गावचं?' शरीरही हेच करतं. प्रत्येक पेशीच्या अंगावर खुणा असतात. जी खूण बघून शरीर 'कुठल्या गावचं?' म्हणून उठून उभं राहतं, तिला अँटिजेन म्हणायचं. पुस्तकात प्रतिजन म्हणतात, पण रक्तपेढीत तसं कुणी म्हटलेलं मी ऐकलं नाही. आणि त्या खुणेला नेमकं धरायला शरीर जे तयार करतं ती अँटिबॉडी. आमच्या पट्टीवर अँटिबॉडीनं लाल पेशींना खुणेला धरून एकमेकींना बांधलं की दाणे दिसतात.

अँटिजेनचे प्रकार मी नव्या पोरींना माझ्या पद्धतीनं शिकवायचे. एक परका. जंतू, सापाचं विष, गाजरगवताची धूळ, सगळं बाहेरून आलेलं. दुसरा भावकीतला. म्हणजे माणसाचाच, पण दुसऱ्या माणसाचा. रक्तगटाच्या खुणा या त्यातल्या. आणि तिसरा घरचा, स्वतःच्याच पेशीवरचा. शरीर सहसा घरच्याला हात लावत नाही. पण कधी कधी डोकं फिरतं आणि घरच्यालाच परका समजून बडवायला लागतं. पोरी हसायच्या. मी म्हणायचे, हसू नका, सगळ्यात वाईट भांडणं भावकीत आणि घरातच होतात की नाही सांगा.

घरच्या भांडणाची एक केस सांगते. पन्हाळ्यावरचे एक काका आले. थंडीचे दिवस, बोटांची टोकं निळी पडलेली, अंगात रक्त कमी. त्यांचा गट करायला घेतला तर प्रत्येक औषधात दाणे. नुसत्या मिठाच्या पाण्यातसुद्धा दाणे! असला गट जगात नाही. दोनदा केलं, तिसऱ्यांदा केलं. काका बाकावरून ओरडले, "काय वो, मास्तरणीगत काय सारखं तपासताय? नापास झालो काय?" मग माझ्या ध्यानात आलं. नळी गरम पाण्यात ठेवली, पेशी गरम मिठाच्या पाण्यानं धुतल्या, आणि दाणे विरघळून गेले. काकांच्या अँटिबॉडीला थंडी लागली की ती त्यांच्याच पेशी पकडायची, ऊब मिळाली की सोडायची. मी काकांना म्हटलं, "तुमचं रक्त पास हाय, नुस्तं गारठ्यात बिघडतंय. हातमोजे घाला आणि पोरीकडं राहायला खाली या." काका म्हणाले, "जावयाकडं राहू व्हय? त्यापरीस निळं झालेलं बरं." मग डॉक्टरांनी औषध दिलं आणि रक्त दिलं तेही कोमट करून. काका पुढं बरीच वर्षं मोजे घालून येत राहिले, काम नसतानाही.

आता भावकीतली केस. ही सांगायला मला जड जाते, कारण चूक माझी होती.

पेठ वडगावच्या बाजूला एका गावात गरोदर बायकांचं रक्त तपासायला आम्ही जायचो. शाळेच्या खोलीत टेबल, एका बाजूला सुया आणि कापूस, दुसऱ्या बाजूला मी आणि फॉर्म. तिथं संगीता आली. बावीस-तेवीसची, पाचवा महिना. सोबत सासू. सासू चांगली उंच, डोईवर पदर, आवाज असा की तिकडच्या वर्गातली पोरंसुद्धा गप व्हावीत. मी फॉर्म भरायला घेतला. नाव, वय, कितवी खेप. सासूनंच सांगितलं, "पहिलटकरीण हाय." पुढचा रकाना होता: 'पूर्वी गर्भपात झाला आहे का?' मी छापलेलं वाचून दाखवलं. संगीतानं खाली बघत 'नाही' अशी मान हलवली. सासू म्हणाली, "न्हाय वो. आमच्यात असलं काय करत न्हाईत."

मी 'नाही' लिहिलं आणि 'पुढं या' म्हणाले. मागं वीस बायका रांगेत होत्या.

पट्टीवर तिचा गट आला बी निगेटिव्ह. आता हा निगेटिव्ह शब्द म्हणजे आमच्या धंद्याला लागलेली साडेसाती आहे. लोकांना पॉझिटिव्ह म्हणजे पास आणि निगेटिव्ह म्हणजे नापास वाटतं. खरं म्हणजे लाल पेशीवर 'डी' नावाची एक खूण असते. ती असली तर पॉझिटिव्ह, नसली तर निगेटिव्ह. ती नसून माणसाचं काहीही अडत नाही. पण सासूनं कपाळाला हात लावला. "म्हंजे पोरीत खोट हाय म्हणा की. लग्नाआधी का सांगितलं न्हाई हिच्या बानं?" मी परोपरीनं समजावलं. संगीता खिडकीतून बाहेर बघत होती. मी त्यावेळी तिच्याकडं नीट बघायला हवं होतं.

खूण नसण्यानं अडत नाही, पण बाळंतपणात एक धोका असतो. नवरा पॉझिटिव्ह असला तर बाळाच्या पेशीवर बापाकडून ती खूण येऊ शकते. बाळाचं थोडं रक्त आईच्या रक्तात मिसळलं की आईचं शरीर विचारतं, पावणं कुठलं? पहिल्या वेळी शरीर सावकाश उठतं, ओळख पटवता पटवता आठवडे जातात, तोवर ते बाळ सहसा सुखरूप बाहेर आलेलं असतं. पण शरीर चेहरा विसरत नाही. दुसऱ्या खेपेला तीच खूण दिसली की लगेच अँटिबॉडी तयार, आणि ती वारेतून बाळाकडं जाऊन त्याच्या लाल पेशी फोडते. म्हणून पहिली खेप की दुसरी, हे आमच्या दृष्टीनं सगळ्यात महत्त्वाचं. पहिली असेल तर त्यावेळी आम्ही अँटिबॉडीची तपासणी सातव्या महिन्यात करायचो. दुसरी असेल तर ताबडतोब. संगीताच्या फॉर्मवर पहिली होती. मी तिला सातव्यात दवाखान्यात यायला सांगितलं.

ती आली आठवा लागल्यावर. ऊसतोडीची धांदल, घरात माणूस नाही, नेहमीची कारणं. मी तिची आयसीटी लावली. आईच्या रक्तातलं पाणी घेऊन त्यात ती अँटिबॉडी आहे का बघायची, अशी ही तपासणी. पहिलटकरणीत ती निगेटिव्हच येते, हाताला सवय झालेली. नळी हलवली तर तळाशी पेशींचा गोळा सुटेना. एकसंध, गच्च. मला वाटलं, नळ्यांची अदलाबदल झाली. पुन्हा लावली. तसंच. मग पातळ करत करत बघितलं, तरी दाणे हटेनात. आमच्या डॉक्टर मॅडमना दाखवलं. त्या म्हणाल्या, "पहिलटकरणीत एवढी अँटिबॉडी कुठून येणार? हिला कधी रक्त चढवलंय?"

"फॉर्मवर तर नाही लिहिलंय."

"फॉर्म कुणी भरलाय?"

"मीच."

"मग जा आणि तिला विचार. फॉर्मला नको विचारू."

संगीताला तपासणीसाठी दाखल करून घेतलं होतं, मी वॉर्डात गेले. दुपारची वेळ, भेटायला आलेल्या बायकांचे डबे उघडलेले. सासू खाली चटईवर बसली होती. संगीताच्या पलंगावर टेकले आणि पुन्हा तोच प्रश्न विचारणार, तेवढ्यात जीभ थांबली. माझी आई असती तर 'गर्भपात' हा शब्द कधी म्हणाली असती का, असं मनात आलं. मी म्हटलं, "संगीता, खरं सांग. ह्याच्या आधी कधी पाळी चुकलीती? किती वेळा दिवस गेलते?"

तिनं आधी सासूकडं बघितलं. मग माझ्याकडं. आणि म्हणाली, "एकदा. लगीन झाल्यावर सहा महिन्यांनी. तीन महिन्याचं हुतं. माहेरात गेलतो तवा वाया गेलं."

"अगं, मग मी इचारलं तवा न्हाय का म्हणालीस?"

"तुमी इचारलं गर्भपात केला का म्हणून. मी कशाला करीन बाई? मला पायजे हुतं की ते!"

आणि ती रडायला लागली. मला तिथल्या तिथं धरणी पोटात घेईल तर बरं असं झालं. फॉर्मवरचा शब्द पुस्तकातला. तिच्या कानाला तो ठरवून, लपूनछपून केलेला. आपोआप गेलेल्याला तिच्या घरात 'वाया गेलं' म्हणतात, आणि वाया गेलेलं कुणी मोजत नाही. मी स्वतः याच मातीत वाढलेली. मला हे ठाऊक नव्हतं असं थोडंच आहे? पण टेबलावर बसले की मी छापील बोलायला लागले होते. तीन महिने मी त्या पोटातल्या बाळाला फुकट दवडायला लावले होते.

आता मला भीती सासूची. खोट काढणारी बाई, त्यात सुनेनं लपवलेलं. मी तिच्याकडं वळून म्हटलं, "आत्ती, ह्यात पोरीची चूक न्हाय. चूक माझी हाय. मी नीट इचारलं न्हाय."

सासू उठली. पलंगाजवळ आली. मला वाटलं आता वॉर्ड डोक्यावर घेणार. तिनं सुनेच्या डोक्यावर हात ठेवला आणि त्या मोठ्या आवाजातच म्हणाली, "येडी का काय तू? मला सांगायचं न्हाईस? माझी दोन पडल्याती. तुझ्या मामांजीस्नी बी ठावं न्हाय."

शेजारच्या पलंगावरची बाई हळूच म्हणाली, "माझं बी एक." पलीकडून आणखी एक आवाज आला. डबे तसेच उघडे राहिले. मी तिथं बसून ऐकत राहिले, आणि एवढ्या वर्षांत भरलेले माझे सगळे फॉर्म मला आठवायला लागले.

पण बसून चालणार नव्हतं. सोनोग्राफीत बाळाच्या अंगावर सूज दिसायला लागली होती. डॉक्टरांनी ठरवलं, उद्या सकाळी सिझर करायचं, आणि बाळ बाहेर आलं की त्याचं रक्त बदलायचं. थोडं थोडं काढायचं, थोडं थोडं भरायचं, म्हणजे आईची अँटिबॉडी आणि फुटक्या पेशी दोन्ही निघून जातात. त्यासाठी रक्त हवं ओ निगेटिव्ह, ताजं. आणि लोकांना चकित करणारी गोष्ट म्हणजे ते जुळवायचं बाळाशी नव्हे, आईशी. भांडण आईच्या अँटिबॉडीशी आहे. ती ज्या पेशींना धरणार नाही, त्याच पेशी बाळाच्या अंगात टिकणार.

फ्रिजमध्ये ओ निगेटिव्हची एकच पिशवी, तीही जुनी झालेली. मी दात्यांची वही काढली. ओ निगेटिव्हची तिथं आठ नावं. एक मुंबईला गेलेला, एकाला कावीळ होऊन गेलेली, एकीला लहान बाळ. चौथं नाव कांबळे सरांचं. वारणानगरकडच्या एका शाळेत गणित शिकवायचे. शाळेत फोन लावला. शिपायानं वर्गात जाऊन सांगितलं असणार, कारण सर तास अर्ध्यावर टाकून फोनवर आले.

"बाळ किती दिवसांचं?" त्यांनी विचारलं.

"अजून जन्मलं न्हाय, सर."

सर म्हणाले, "मग निघायलाच पाहिजे. पोरांना अपूर्णांक उद्या शिकवतो, ते कुठं पळून जात न्हाईत."

सर स्कूटरवरून आले. शर्टाच्या बाहीला खडूची पांढरी पूड. सुई टोचताना ते भिंतीकडं बघायचे. दरवेळी द्यायला यायचे आणि दरवेळी घाबरायचे. पिशवी भरली, सगळ्या तपासण्या झाल्या, आणि संध्याकाळच्या आत मी ती संगीताच्या रक्तातल्या पाण्याशी लावून बघितली. नळी हलवली. पेशी धुरासारख्या अलगद वर उठल्या, एक दाणा नाही. मी देवधर्माची बाई नव्हे, पण त्या नळीला मी हात जोडले. मॅडमनी ते बघितलं.

दुसऱ्या दिवशी सकाळी मुलगी झाली. पिवळीजर्द, पोट फुगलेलं, रडायला ताकद नाही. सकाळी दहाला रक्त बदलायला सुरुवात झाली. मला आत काम नव्हतं, तरी मी बाहेर उभी. सासू माझ्या शेजारी. तिनं एकदाच विचारलं, "कुणाचं रक्त हाय वो?" मी म्हटलं, "ते आमी सांगत न्हाय, आत्ती. नियम हाय." ती म्हणाली, "बरं. कुणाचं का असंना, त्याच्या पोराबाळांचं भलं हू दे." दुपारी बाराच्या सुमाराला आतून बारीक, चिरका आवाज आला. सासूनं माझा दंड असा आवळला की दोन दिवस वळ राहिला. पुढं आणखी एकदा रक्त बदलावं लागलं, पण पोरगी तगली.

संगीताला पुढं दुसरं मूल होऊ दिलं नाही, डॉक्टरांनी तसा सल्लाच दिला. शरीर एकदा ओळखलेला चेहरा विसरत नाही, त्यामुळं पुढच्या बाळाला आणखी धोका. हेच त्या पहिल्या वेळी, माहेरात तीन महिन्यांचं गेलं तेव्हा, तीन दिवसांच्या आत एक इंजेक्शन मिळालं असतं तर टळलं असतं. त्या इंजेक्शनात तयार अँटिबॉडी असते. ती बाळाच्या पेशी आईच्या शरीराच्या नजरेला पडायच्या आधीच गोळा करून नेते. शरीराला पावणा दिसतच नाही, मग ओळख ठेवायचा प्रश्न येत नाही. पण इंजेक्शन द्यायला आधी कळायला तर हवं की काही गेलं आहे.

त्या आठवड्यात मी फॉर्मचा गठ्ठा घेतला आणि प्रत्येकावर पेनानं ती छापील ओळ खोडून वर लिहिलं: 'आजवर किती वेळा दिवस गेले? त्यातली किती राहिली, किती वाया गेली?' पुढं नवे फॉर्म छापताना मॅडमनी तीच ओळ घातली. वरून कुणीतरी शेरा मारला की भाषा शास्त्रीय नाही. मॅडमनी उत्तर दिलं की बायका शास्त्रीय बोलत नाहीत. आणि तेव्हापासून कितीतरी बायका आधी थबकायच्या आणि मग बोटं मोजायच्या. त्यातल्या काहींना ते इंजेक्शन वेळेवर मिळालं. त्यांची मुलं आता कुठंतरी शाळा-कॉलेजात असतील. त्या आयांना माझं नाव माहीत नाही, आणि असायचं कारणही नाही.

मी मात्र सगळ्यांची ऋणी आहे. मॅडमची, त्यांनी त्या दिवशी मला रागावण्याऐवजी वॉर्डात पाठवलं म्हणून. त्या सासूची. कांबळे सरांची तर किती. सर पासष्ट पूर्ण झाल्यावर आले, तेव्हा मला सांगावं लागलं की आता नियमानं रक्त घेता येत नाही. ते चिडले. "पासष्ट झाली म्हणून काय रक्त आंबलं काय?" मी त्यांना चहा पाजला, तर म्हणाले, "चहासाठी आलो न्हवतो." तरी दोन कप घेतले. जाताना दारात थांबून विचारलं, "ते बाळ, अपूर्णांकाच्या दिवशीचं, हाय न्हवं?" मी म्हटलं, "हाय. अकरावीत हाय. सायन्स घेतलंय." नाव सांगितलं नाही. नियम म्हणजे नियम.

मी सुटायच्या महिनाभर आधी रक्तपेढीच्या दारात एक पोरगी उभी. उंच, आजीसारखीच. मागं संगीता, केसांत पांढरी बट. पोरीला अठरा पूर्ण झाली त्याच आठवड्यात तिला रक्त द्यायचं होतं. मी तिचा गट स्वतः केला. बी पॉझिटिव्ह. पट्टीवर डीच्या थेंबात छान टपोरे दाणे आले, तीच ती खूण, जिच्यापायी एवढं सगळं झालं. मी पोरीला पट्टी दाखवली. तिनं फोटो काढला.

आमच्याकडं नवीन आलेली तंत्रज्ञ शेजारी बसली होती. संगीताशी गप्पा मारता मारता तिनं सहज विचारलं, "काकू, मग तुम्हाला ही एकच का?"

संगीता माझ्याकडं बघून हसली. आणि सासूच्याच मोठ्या आवाजात, सगळ्या खोलीला ऐकू जाईल असं म्हणाली, "एक कशी? दोन की. एक ही, आणि एक माहेरात ऱ्हायलं. ह्या बाईंनी मला मोजाय शिकवलंय."